इंडियन ओशनची सुरुवातीची वर्षं: त्यात शास्त्रीय नेमकं किती? (एका मस्तानीचा प्रश्न आहे)

टवाळ_तानपुरा

मंडळी, पैज लागली आहे. निकाल तुम्ही लावायचा.

परवा मेहुण्याकडे जेवणं झाल्यावर भाच्याने फोनवर इंडियन ओशन या दिल्लीच्या बँडचं 'मा रेवा' लावलं. (भाचा अकरावीत, हातात गिटार, केस खांद्यापर्यंत. केसांवर त्याची आई वेगळा धागा काढेल.) मेहुणा पान लावता लावता म्हणाला, "शास्त्रीय आणि रॉक यांची खरी सांगड घातली ती या लोकांनी." मी म्हटलं, "कुठलं शास्त्रीय? लोकगीतं आहेत, आंदोलनातली गाणी आहेत. तबला दिसला की शास्त्रीय झालं होय?" त्यावर तो पेटला. हरणाऱ्याने सगळ्या घराला मस्तानी पाजायची असं ठरलंय. घरात नऊ माणसं आहेत, तेव्हा विचार करून लिहा.

वाद भरकटू नये म्हणून काळ ठरवून देतो. सुश्मित सेन (गिटार) आणि असीम चक्रवर्ती (तबला, गायन) हे दोघे दिल्लीत १९८४ पासून एकत्र वाजवत होते. 'इंडियन ओशन' हे नाव १९९० चं. राहुल राम (बेस) १९९१ मध्ये आला, अमित किलम (ड्रम्स) १९९४ मध्ये. पहिली कॅसेट १९९३ ची, एचएमव्हीची. मग १९९७ ला 'डेझर्ट रेन' आणि २००० ला 'कंडिसा'. आपण 'कंडिसा'पर्यंतच बोलायचं. पुढचं सिनेमाचं वगैरे नको.

बॅकबेंचर_७८

पॉपकॉर्न घेऊन बसलोय. आणि पुढचं सिनेमाचं नको म्हणालात म्हणजे ते पहिल्या वीस प्रतिसादांत येणार.

खर्जातला

मेहुण्यांशी सहमत. राग कुठला असं विचारून काही हाती लागत नाही, ते वाजवतात कसे ते ऐका. एक छोटा तुकडा घेतात आणि दहा दहा मिनिटं त्याच्याभोवती फिरतात. घाई नाही. सुश्मितची गिटार ऐका: डिस्टॉर्शनचा खडखडाट नाही, मोकळ्या तारा मागे घुमत असतात, आणि त्या घुमण्यावर तो एकेक स्वर ठेवत जातो. ही बढत (राग सावकाश, स्वरास्वराने उलगडत नेणं) नाही तर काय? रॉकवाल्याला तीन मिनिटांत कोरस लागतो. सुरुवातीच्या काळात यांच्याकडे शब्दही कमीच, बरंचसं नुसतं वाद्यसंगीत.

तिहाईवाला

खर्जातला, सावकाश वाजवणं म्हणजे शास्त्रीय असेल तर आमच्या सोसायटीचा प्लंबर पंडित आहे.

गंमत सोडा. मी तबला शिकलोय, पंचवीस वर्षं शिकवतोय. असीमचा हात मला फार आवडायचा, पण तो बाजाचा, म्हणजे घराण्याच्या ठरीव शैलीचा तबला नव्हता. पेशकार, कायदा, रेला ही जी आमची उतरंड आहे ती तिथे शोधू नका. तो गाण्याला जे हवं ते वाजवायचा. आणि मुख्य म्हणजे वाजवता वाजवता गायचा. हे किती अवघड आहे ते ज्याने केलंय त्यालाच ठाऊक. आमच्याकडे तबलजी साथ करताना मान डोलावतो, फार तर "क्या बात है" म्हणतो. स्वतः वरचा सूर लावून त्याच वेळी डाव्या हाताने डग्ग्यावर मींड (एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं) काढणारा माणूस मी समोर दुसरा पाहिलेला नाही.

तेव्हा माझं मत: शास्त्रीय नाही. पण त्याहून कमीही नाही.

गोखलेकाकू

तिहाईवाले सर, "त्याहून कमीही नाही" असं म्हणून तुम्ही पैजेचं पार लोणचं घातलंत.

माझी आठवण. २००० साली माझा धाकटा दीर 'कंडिसा'ची कॅसेट घेऊन आला. सासूबाईंनी नाव ऐकलं आणि म्हणाल्या, "कंदी? साताऱ्याला कधी गेला होतास?" पेढे नाहीत म्हटल्यावर रुसल्या. मग कॅसेट लागली. ते शीर्षकगीत आलापासारखं सुरू होतं ना, आवाजावर आवाज चढत जातो, ते ऐकून त्यांनी हातातली वात तशीच धरली आणि विचारलं, "हे कुठल्या देवाचं?" दिराने सांगितलं, केरळातल्या सिरियन ख्रिश्चनांची प्रार्थना आहे, भाषा आपली नाही. त्या म्हणाल्या, "असू दे. देवाचंच आहे ना."

त्यानंतर रोज संध्याकाळी दिवे लागले की ते एक गाणं लागायचं. बाकीची त्यांना आवडत नसत. "पुढे धांगडधिंगा आहे" म्हणून त्या स्वतः स्टॉपचं बटण दाबायच्या. बटण दाबायला तेवढ्यापुरतं शिकल्या होत्या.

बॅकबेंचर_७८

कंदी पेढे :) :) काकू, हा प्रतिसाद धाग्याच्या वर चिकटवा.

शहाद्याचा_पाहुणा

धागाकर्ते 'आंदोलनातली गाणी' असं जरा झटकून म्हणाले, म्हणून लिहितो. मी मूळचा शहाद्याचा. नव्वदच्या सुरुवातीला आमचा भाग अजून धुळे जिल्ह्यात होता, नंदुरबार जिल्हा १९९८ मध्ये झाला. अक्कलकुवा तालुक्यातलं मणिबेली हे सरदार सरोवरात बुडालेल्या महाराष्ट्रातल्या पहिल्या गावांपैकी. राहुल राम त्या वर्षांत नर्मदा बचाओ आंदोलनात काम करत होता. अमेरिकेत कॉर्नेलमधून पर्यावरणीय विषशास्त्रात पीएचडी करून आलेला माणूस. 'मा रेवा' तिथून आलं. रेवा म्हणजे नर्मदाच.

माझे वडील शिक्षक होते, मोर्च्याला जायचे. अशी गाणी तिथे कशी म्हणतात ते मी लहानपणी पाहिलंय. बसून नाही, चालता चालता. एक जण ओळ टाकतो, शंभर जण उचलतात, मधे चढ लागला की आपोआप लय पडते, सपाटी आली की वाढते. पुढे कॅसेटवर 'मा रेवा' ऐकलं तेव्हा मला त्यातला बेस ऐकून तेच चालणं आठवलं. याला शास्त्रीय म्हणायचं की नाही ते पुण्याने ठरवावं. आम्हाला ते आमचं वाटलं एवढं खरं.

टवाळ_तानपुरा

शहाद्याचा_पाहुणा, झटकून म्हणालो नाही हो, उलट माझ्या बाजूचा तो हुकमाचा एक्का आहे! पण तुम्ही लिहिलंत ते आवडलं. भाच्याला वाचून दाखवलं, तो एकदम गप्प झाला.

खर्जातला

एक्का वगैरे काही नाही. लोकसंगीत आणि शास्त्रीय यांच्यात भिंत कोणी बांधली? कुमार गंधर्वांनी माळव्यातली लोकगीतं ऐकून काय काय उभं केलं ते विसरलात का? मांड, पहाडी, पिलू या रागांची मुळं कुठे आहेत?

तिहाईवाला

कुमारजींचं नाव घेतलंत म्हणजे आता धागा दोनशेच्या पुढे जाणार. कुमारजींनी लोकधुनीतून राग उभे केले, ते रागाची शिस्त पाळून. इथे ती शिस्त पाळायची असं कोणी ठरवलेलंच नव्हतं. त्यात कमीपणा काहीच नाही, फक्त नाव वेगळं द्या.

मिडलँड्सची_मिसळ

लांबून राम राम. मी गेली अठरा वर्षं बर्मिंगहॅमला. जरा अवांतर, पण धाग्याला धरून आहे.

आमच्या गावचा असाच एक बँड, इलेक्ट्रिक लाइट ऑर्केस्ट्रा. रॉय वुड आणि जेफ लिन. दोघे आधी 'द मूव्ह' नावाच्या बँडमध्ये होते. १९७० मध्ये एका रेकॉर्डिंगच्या वेळी वुडने एक स्वस्तातला चेलो आणला आणि त्यावर रॉक गिटारचे तुकडे वाजवत एकावर एक थर चढवत गेला. त्या थरांतून त्यांचं पहिलं गाणं '१०५३८ ओव्हर्चर' उभं राहिलं आणि १९७२ मध्ये इंग्लंडात पहिल्या दहांत गेलं. म्हणजे 'शास्त्रीय संगीताचा संगम' वगैरे जे नंतर छापून आलं त्याची सुरुवात एका माणसाच्या खाजेतून.

पहिल्या अल्बमची अमेरिकेतली गोष्ट तर भारी आहे. तिथल्या कंपनीतून कोणीतरी अल्बमचं नाव विचारायला इंग्लंडला फोन लावला. फोन उचलला नाही. वहीत नोंद केली: 'नो आन्सर'. अल्बम तिथे त्याच नावाने बाजारात आला!

सांगायचा मुद्दा: वुड आणि लिन यांची सुरुवातीची खरी डोकेदुखी स्टेजवर चेलो ऐकूच येत नाही ही होती. गिटार आणि ड्रम्सच्या भिंतीपुढे लाकडी वाद्याचं काय चालणार? वुड तर दुसरा अल्बम होत असतानाच सोडून गेला. तबल्याचं इंडियन ओशनने काय केलं? तिहाईवाले सांगतील का?

बॅकबेंचर_७८

'नो आन्सर' :) आमच्या ऑफिसात हे घडलं असतं तर अल्बमचं नाव 'साहेब जागेवर नाहीत' झालं असतं.

तिहाईवाला

मिडलँड्सची_मिसळ, बरोबर नस पकडलीत. दिल्लीवाल्यांनी काय केलं ते मी जवळून पाहिलेलं नाही. माझ्या अंगावर आलेलं सांगतो.

२००३ च्या सुमारास आमच्या विद्यार्थ्यांनी एका कॉलेजच्या गॅदरिंगला असाच प्रकार केला. दोन गिटार, ड्रम सेट आणि तबल्यावर मी, कारण ठरलेला पोरगा ऐनवेळी आजारी पडला. पहिली अडचण पट्टीची. गिटारवाल्यांची सगळी गाणी ई मध्ये, म्हणजे आपली पांढरी तीन. मी नेला होता काळी एकचा तबला. गट्टे ठोकून ठोकून किती चढवणार? वादी (ताण धरणारी चामड्याची पट्टी) तुटायची. शेवटी शेजारच्या भजनी मंडळातून दुसरा तबला आणला.

दुसरी अडचण दिव्यांची. स्टेजवर हॅलोजन, उष्णतेने पुडी (तबल्यावरचं कातडं) सुकली की सूर चढतो. दोन गाण्यांनंतर माझा तबला गिटारीच्या वर गेला. ड्रमरचं धडाडधूम चालू असताना कानाला तबला लावून हातोडीने उतरवत बसलोय, आणि खाली पोरं टाळ्या वाजवतायत, त्यांना वाटलं हा सोलोचाच भाग आहे.

तिसरी म्हणजे डग्गा. त्याचा खर्ज मॉनिटरमध्ये (स्टेजवर आमच्याकडे तोंड केलेला स्पीकर) शिरतो, मॉनिटरमधून परत माइकमध्ये येतो, आणि हूंऽऽऽ असा भोंगा सुरू होतो. साउंडवाला तिथून ओरडतोय, "काका, ती ढोलकी जरा लांब धरा!" ढोलकी! शेवटी मी चुंबळीखाली घरून आणलेला टॉवेल दुमडून घातला, माइक किनारीपासून वीतभर वर घेतला आणि मॉनिटर पाठीमागे फिरवायला लावला. तेव्हा कुठे 'धा' ऐकू आला.

इंडियन ओशनच्या रेकॉर्डिंगमध्ये मला सगळ्यात जास्त कौतुक आहे ते अमित किलमचं. ड्रमर असून तो तबल्याला जागा सोडतो. जिथे बोल दाट आहेत तिथे तो झांजेवर नुसता हात फिरवतो, जिथे असीम गायला लागतो तिथे तो खाली भरतो. एका लयीत दोन माणसं बसलीत आणि कोणाचा कोपर कोणाला लागत नाही. ही समज आमच्याकडे जुगलबंदीत असते. (चांगल्या जुगलबंदीत. वाईटांबद्दल बोलत नाही, नावं तोंडावर येतील.)

गोखलेकाकू

"हा सोलोचाच भाग आहे" :) :) सर, याची फीत असेल तर टाका.

खर्जातला

तिहाईवाले, तुम्ही हळूहळू माझ्या बाजूला सरकताय. "ही समज आमच्याकडे असते" असं तुम्हीच लिहिलंत.

तिहाईवाला

सरकत नाहीये, मांडी बदलतोय.

प्लाझाच्या_मागे

येणारच होतं म्हणून मीच आणतो. 'ब्लॅक फ्रायडे', मुंबईच्या बॉम्बस्फोटांवरचा सिनेमा, संगीत इंडियन ओशनचं. १२ मार्च १९९३ ला मी दादरला राहत होतो, प्लाझापासून चालत पाच मिनिटांवर. सिनेमा २००४ मध्ये तयार झाला, पण बॉम्बस्फोट खटल्याच्या निकालापर्यंत कोर्टाने अडवून धरला, लागला २००७ च्या फेब्रुवारीत. गाणी त्याआधीच हाती आली होती. त्यामुळे सिनेमा न बघताच मी 'बंदे' किती वेळा ऐकलं असेन. ऐकताना माझ्या डोळ्यांसमोर त्या दुपारचा रस्ता असायचा, पडद्यावरचा नाही. पुढे थिएटरात बघताना मात्र मधेच उठून बाहेर आलो. बस, एवढंच. चालू द्या.

टवाळ_तानपुरा

प्लाझाच्या_मागे, हे नियमात बसत नसलं तरी राहू द्या.

नागपुरी_संत्रं

अरे भाऊ, तुम्ही सगळे कॅसेटवरूनच बोलून राहिले का? कोणी समोर बसून ऐकलंय की नाही? 'डेझर्ट रेन' तर स्टुडिओतली नाहीच. १ जानेवारी १९९७ ला दिल्लीत पथनाट्यवाले सफदर हाश्मी यांच्या स्मृतिदिनाच्या कार्यक्रमात वाजवलं, ते ध्वनिमुद्रित झालं, तोच अल्बम. दिल्लीची जानेवारीतली थंडी काय असते ते मला विचारा, मी तिथे चार वर्षं काढली. उघड्यावर बोटं चालत नाहीत, आणि हे लोक गिटार वाजवून राहिले!

नंतरचे त्यांचे दोन कार्यक्रम मी पाहिले, असीम असतानाचे. एक सांगतो. त्या दिवशी सगळे उभे, असीम मांडी घालून बसलेला, उंच चौथऱ्यावर. डोळे मिटलेले. रॉकच्या स्टेजवर एक माणूस बैठक मारून बसलाय आणि हजार पोरं उड्या मारून राहिली. मला तर वाटते तिथेच तुमच्या पैजेचं उत्तर हाये. अर्धं स्टेज बैठकीचं आणि अर्धं उभ्याचं.

मिडलँड्सची_मिसळ

अर्धं बैठकीचं, अर्धं उभ्याचं: मस्त. +१

कळंगुट_केज्युअल

एक उलटा सूर लावतो, दिवे घ्या. मी गोव्यात हॉटेलांत वाजवतो, पोटापाण्यासाठी. फ्यूजन म्हटलं की मला धडकी भरते. दर सीझनला कोणीतरी येतो: एक सॅक्सोफोन, एक तबला, एक बासरी, आणि वीस मिनिटं सगळे एकाच सुरावर भटकतात. शेवटी तिहाई घेतली की पाहुणे टाळ्या वाजवतात, तबलजी घाम पुसतो. ते फ्यूजन नव्हे, ती शेअर रिक्षा. प्रत्येक जण आपापल्या थांब्याला उतरतो.

इंडियन ओशनचं जुनं काम मला त्यात धरवत नाही कारण तिथे कोणी पाहुणा नव्हता. चौघंही घरचे. वर्षानुवर्षं एकत्र बसलेले, पुढे करोल बागेत खजूर रोडवरच्या एका जुन्या घरात त्यांची तालीम चालायची. त्या घराच्या पत्त्यावरून त्यांनी नंतर अल्बमचं नावही ठेवलं, '१६/३३० खजूर रोड', आणि गाणी महिन्याला एक अशी फुकट दिली. घर म्हणजे काय ते त्यांना कळत होतं. नामवंत शास्त्रीय कलाकार पाहुणे म्हणून आले ते पार २०१४ च्या 'तांदानू'मध्ये: शुभा मुद्गल, विश्वमोहन भट्ट आणि इतर. म्हणजे खरोखरचं शास्त्रीय त्यांच्याकडे आलं ते चोवीस वर्षांनी!

धागाकर्ते, हा मुद्दा तुमच्या बाजूने धरा आणि माझ्या वाटणीची मस्तानी पार्सल करा.

टवाळ_तानपुरा

कळंगुट, तुम्ही देवमाणूस आहात. मेहुण्याला तडक पाठवलं.

खर्जातला

थांबा थांबा. पाहुणे बोलवावे लागले ते मूळचा माणूस गेल्यावर. असीम २५ डिसेंबर २००९ ला गेला. सुश्मित २०१३ मध्ये बाहेर पडला. ज्या दोघांनी १९८४ ला सुरुवात केली ते दोघंही नसताना आलेला अल्बम पुरावा म्हणून कसा चालेल? आणि काळ 'कंडिसा'पर्यंतच हा नियम तुम्हीच घातला होता ना, धागाकर्ते?

बॅकबेंचर_७८

खर्जातला हे वकील आहेत असं मला पहिल्यापासून वाटतंय.

गिटारचा_गणेश

मी १९ वर्षांचा आहे, इथे सगळे काका-काकू आहेत तरी लिहितो. मी सुश्मित सेनचे जुने तुकडे ऐकून ऐकून बसवतोय. एक गोष्ट सांगतो जी फक्त वाजवल्यावर कळली. यूट्यूबवर लोक त्याचे तुकडे पटापट वाजवून दाखवतात, सगळे स्वर बरोबर असतात, तरी तसं वाटत नाही. महिनाभर डोकं फोडल्यावर समजलं की मी दोन स्वरांच्या मधे तार दाबून टाकत होतो. आवाज बंद होत होता. त्याच्याकडे खालची तार वाजतच राहते आणि वरचा स्वर तिच्या अंगावर पडतो. मी मागे तानपुऱ्याचं अ‍ॅप लावून सराव केला तेव्हा हात आपोआप थांबायला लागला.

माझ्या आजीला गाण्यातलं कळतं. ती म्हणाली, "आता तू ऐकायला लागलास."

तिहाईवाला

गणेश, शाब्बास रे. तानपुऱ्याचं अ‍ॅप चालू ठेव, पण कधीतरी खरा तानपुरा जुळवायला बस. जव्हारी (तारेखालचा दोरा जागेवर बसून येणारी गुंज) लागली की काय होतं ते फोनच्या स्पीकरला झेपत नाही.

आणि धागाकर्ते, आता निकाल देतो, कारण या पोराने मला कोपऱ्यात गाठलंय. रागाच्या हिशोबाने तुम्ही जिंकलात. पण तानपुरा लावल्याशिवाय जे संगीत हाताला लागत नाही त्याला मी निव्वळ लोकगीत म्हणू शकत नाही. अर्धी मस्तानी.

शहाद्याचा_पाहुणा

अर्धी कशी? नर्मदेकडच्यांची एक पूर्ण लावा.

टवाळ_तानपुरा

ताजी खबर. मेहुण्याने अख्खा धागा वाचला. म्हणतो, "खर्जातला" हा माणूस फार समंजस वाटतो. मी विचारलं, तूच तर नाहीस ना? तर उत्तर न देता बेसिनवर हात धुवायला गेला.

मस्तानी रविवारी. बिल दोघांत. भाच्याने वेगळीच मागणी टाकली आहे: मस्तानी नको, 'कंडिसा'ची मूळ कॅसेट हवी. सुदैवाने माझ्याकडे माळ्यावर आहे, पण आज काढली तर फीत आत गोळा झालेली दिसतेय. आणि टेपरेकॉर्डर कोणाकडे चालू आहे का?

खर्जातला

नो आन्सर.

गोखलेकाकू

:) :) फीत ओढू नका हं. षट्कोनी पेन्सिल चाकात घालून हळूहळू उलटी फिरवा, सुरकुती दिसली की थांबून बोटाने सपाट करा. टेपरेकॉर्डर माझ्याकडे आहे, सासूबाईंचा. चालतो. फक्त स्टॉपचं बटण जरा जोरात दाबावं लागतं.